नकाशाचा रंग आणि तक्त्यातील बेरीज

महोदय,

पावसाळी आजारांचे जिल्हानिहाय रंगीत नकाशे आता वृत्तपत्रांत नेहमी दिसतात. ते पाहिले की मला ‘कोविड१९इंडिया डॉट ऑर्ग’ या संकेतस्थळावरचा नकाशा आठवतो. तो सरकारी नव्हता. स्वयंसेवकांनी मार्च २०२० मध्ये सुरू केलेला तो नकाशा ३१ ऑक्टोबर २०२१ पर्यंत, राज्यांच्या पत्रकांतून आकडे उचलून, रोज अद्ययावत होत असे.

टाळेबंदीत मीही हौसेने आरोग्य विभागाच्या रोजच्या पत्रकावरून ठाणे जिल्ह्याची बेरीज वहीत मांडू लागलो, आणि पहिल्याच संध्याकाळी माझा आकडा नकाशाशी जुळेना. पत्रक मंडळनिहाय, म्हणजे आरोग्य विभागाने केलेल्या काही जिल्ह्यांच्या गटांनुसार असे. ठाणे मंडळाखाली ठाणे, ठाणे मनपा, नवी मुंबई, कल्याण-डोंबिवली, उल्हासनगर, भिवंडी-निजामपूर, मीरा-भाईंदर अशा ओळी येत, पण त्यांच्याच खाली पालघर जिल्ह्यातील वसई-विरार आणि रायगडमधील पनवेल मनपाही असे. मी सगळेच ठाण्यात मिळवले होते. चूक माझी होती, नकाशा बरोबर होता. मुंबई शहर आणि उपनगर हे दोन जिल्हे, पण महापालिकेचा आकडा एकच, म्हणून नकाशावर दोहोंना एकच रंग. ‘इतर राज्ये’ या ओळीतील रुग्णांना तर कुठलाच जिल्हा नव्हता. गोव्याचे पत्रक आरोग्य केंद्रांनुसार येई, त्यामुळे तेथे उत्तर आणि दक्षिण असा भेद रंगाने दाखवणे अवघडच होते. ही उठाठेव कोणी पगार घेऊन करीत नव्हते, याचे मला आजही नवल वाटते.

मात्र एका बाबतीत अशा नकाशांवर माझा आक्षेप आहे. गडद छटा निव्वळ रुग्णसंख्येवर ठरवली, तर ९४ लाखांहून अधिक वस्तीचा पुणे जिल्हा (जनगणना २०११) कायमच लालभडक दिसणार आणि साडेआठ लाखांचा सिंधुदुर्ग फिकाच राहणार. दोन्हीकडे एक हजार रुग्ण असले, तर दर लाखामागे पुण्यात सुमारे ११ आणि सिंधुदुर्गात सुमारे ११८ रुग्ण होतात. एकूण संख्येच्या नकाशात मात्र दोन्ही जिल्हे एकाच रंगाचे. टाळेबंदीत कोणत्या जिल्ह्यात किती निर्बंध हे ठरवणाऱ्या, ३० एप्रिल २०२० च्या केंद्र सरकारच्या यादीत राज्यातील १४ जिल्हे लाल, १६ नारिंगी आणि ६ हिरवे होते. त्या रंगांवर दुकाने उघडणार की नाही हे ठरत होते, त्यामुळे रंग कशावरून दिला हा प्रश्न किरकोळ नव्हे.

म्हणून आरोग्य विभागाला विनंती आहे की डेंग्यू, हिवताप आणि लेप्टोस्पायरोसिस यांचे आकडे पीडीएफऐवजी थेट तक्त्याच्या स्वरूपात, प्रत्येक महापालिकेपुढे तिचा जिल्हा नमूद करून प्रसिद्ध करावेत. आणि आपणही नकाशा छापताना त्याखाली रंग एकूण संख्येचा आहे की दर लाखी प्रमाणाचा, हे एका ओळीत द्यावे.

आपला,
एक वाचक, डोंबिवली