टॅग पाठवते आहे, पण आजोबांच्या खिशासाठी नाही

डार्मस्टाट, जर्मनी
१६ नोव्हेंबर २०२५

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, आजोबा हल्ली एकटेच घरातून निघून जातात, म्हणून हरवलेली वस्तू शोधायला किल्लीला लावतात ते बटन, म्हणजे टॅग, त्यांच्या सदऱ्याच्या खिशात टाकलं तर चालेल का, असं तुम्ही फोनवर विचारलंत. मी 'नको' म्हणाले, पण आजोबा शेजारीच बसले होते, त्यांच्यासमोर पुढे काय बोलणार! म्हणून सविस्तर लिहिते. आधी ही वस्तू चालते कशी ते सांगते, म्हणजे माझा 'नको' कशासाठी ते आपोआप कळेल.

या टॅगमध्ये जीपीएस नाही, सिम नाही, इंटरनेट नाही. आपण कुठे आहोत हे त्याला स्वतःला कधीच ठाऊक नसतं. आत एक बटन सेल आणि ब्लूटूथची चिप असते. ती चिप थोड्या थोड्या वेळाने एक अगदी छोटा संदेश हवेत सोडत राहते, बस. ब्लूटूथचा हा कमी वीज खाणारा प्रकार २०१० साली आला. त्याच्यामुळेच एका सेलवर टॅग वर्षभर निघतो. मोकळ्या मैदानात हा संदेश बऱ्यापैकी लांब जातो. भिंती, माणसं, लोखंड मध्ये आलं की लगेच क्षीण होतो. आईच्या लोखंडी कपाटात ठेवलेला टॅग शेजारच्या खोलीतल्या फोनला सापडेलच याची खात्री नाही.

त्याची जागा कळते ती जवळून जाणाऱ्या अनोळखी माणसांच्या फोनमुळे. समजा, आईची पर्स इतवारीत एखाद्या दुकानात राहिली. बाहेरून एक ऑटो गेला. ऑटोवाल्याच्या खिशातल्या फोनने टॅगचा संदेश पकडला, आपण आत्ता कुठे आहोत ते पाहिलं, ती जागा कुलूपबंद केली आणि गूगलकडे किंवा अॅपलकडे पाठवून दिली. ऑटोवाल्याला यातलं काहीएक कळत नाही, तो पुढे गांधीबागेकडे निघून गेलेला असतो. तुम्हाला घरबसल्या नकाशावर जो ठिपका दिसतो, ती त्या फोनची त्या क्षणाची जागा. पर्स तिच्या आसपास कुठेतरी होती. 'होती' हे महत्त्वाचं. ठिपक्याखाली 'इतक्या मिनिटांपूर्वी' असं बारीक अक्षरात लिहिलेलं असतं, ते आधी वाचायचं आणि मग नकाशा.

आई विचारेल की आपण कुठे फिरतो ते सगळं त्या कंपन्यांना कळणार का. नाही कळत. टॅगच्या संदेशात एक डिजिटल किल्ली असते, तिने कुलूप लावता येतं, उघडता येत नाही. उघडायची किल्ली फक्त मालकाच्या फोनमध्ये. देवळातल्या दानपेटीत चिठ्ठी कुणीही टाकावी, पेटी मात्र एकानेच उघडावी, तसं. शिवाय टॅगची ही किल्ली बदलत राहते, त्यामुळे तिसऱ्या कुणाला त्याच्यावर पाळत ठेवणं अवघड जातं. २०२१ मध्ये माझ्या याच गावातल्या तांत्रिक विद्यापीठाच्या संशोधकांनी अॅपलची ही सगळी यंत्रणा उलगडून पाहिली, तिच्यातल्या दोन उणिवा शोधल्या आणि जगासमोर मांडल्या. मला हे फार आवडतं. कंपनी सांगते म्हणून विश्वास ठेवण्यापेक्षा कुणीतरी उघडून पाहिलंय, हे कितीतरी बरं.

आता नागपूरचं. अॅपलचा एअरटॅग एप्रिल २०२१ मध्ये आला आणि त्याचंच नाव सगळ्यांच्या तोंडी बसलं, पण तो आयफोन किंवा आयपॅडशिवाय जोडता येत नाही, आणि त्याला शोधतात तेही अॅपलचेच फोन. आपल्या घरात सगळे अँड्रॉइडवाले, मोहल्ल्यातही बहुतेक तेच. म्हणून मी मुद्दाम अँड्रॉइडचे टॅग घेतलेत. गूगलने हे जाळं एप्रिल २०२४ मध्ये सुरू केलं आणि मे २०२५ मध्ये त्याचं नाव 'फाइंड हब' केलं. बाजारातल्या कुणी "सगळ्या फोनवर चालतो" म्हटलं तरी खोक्यावर काय लिहिलंय ते वाचल्याशिवाय घेऊ नका. काही टॅग दोन्हींपैकी कुठल्याही जाळ्यात चालतात, पण एका वेळी एकाच.

गूगलच्या जाळ्याची एक गोष्ट मात्र दादाला नीट समजावून सांगा. खाजगीपणा जपायला त्यांनी सुरुवातीची सेटिंग 'फक्त गर्दीच्या ठिकाणी' अशी ठेवली आहे. म्हणजे एकट्या फोनने टॅग पाहिला तर तो जागा सांगत नाही. अनेक फोनांनी पाहिला तरच नकाशावर येतो. बर्डीवर, स्टेशनवर, कॉटन मार्केटमध्ये याने काही अडत नाही. पण दुपारी दोन वाजता आपल्या गल्लीत कोण असतं? म्हणून घरातल्या प्रत्येक फोनवर सेटिंग्जमध्ये गूगल, त्यात फाइंड हब, त्यात ऑफलाइन डिव्हाइस शोधण्याचा पर्याय उघडा आणि 'सगळीकडे' निवडा. शेजारच्या काकांनाही करायला सांगा. मोहल्ल्यातल्या दहा जणांनी केलं तर आपल्या भागात हे टॅग खरंच कामाचे होतील. फोनला पिन किंवा पॅटर्न लावलेला हवा, आणि ब्लूटूथ व लोकेशन चालू हवं. बॅटरी वाचवायला तुम्ही दोन्ही बंद ठेवता ते मला माहीत आहे बाबा, पण आता ठेवू नका.

काटोलच्या वावरात याचा उपयोग नाही. संत्र्याच्या झाडाखाली मोटारघराची किल्ली पडली, तर तिथून जाणार कोण, आणि कुणाचा फोन तिला पाहणार? तुम्ही स्वतः फोन घेऊन जवळ गेलात तर मात्र टॅगला आवाज करायला लावता येतो. घरातल्या हरवाहरवीवर हाच सगळ्यात चांगला उपाय आहे. सोफ्याच्या फटीत गेलेली स्कूटरची किल्ली असली की नकाशाकडे बघायचंच नाही, आवाज द्यायचा. महागड्या फोनांत बाण दाखवून 'इतके मीटर, या बाजूला' सांगण्याचीही सोय असते. त्याला वेगळी अल्ट्रा वाइडबँड चिप लागते, ती टॅगमध्येही हवी आणि फोनमध्येही. आपल्याला तिच्यावाचून काही अडत नाही.

रेल्वेत मात्र टॅग जरूर ठेवा. विदर्भ एक्स्प्रेसच्या डब्यात आजूबाजूला शेकडो फोन असतात. बॅग चुकून गाडीत राहिली तर ती बडनेरा, अकोला, भुसावळ करत कुठवर पोचली ते कळत राहील. मधल्या पट्ट्यात फोनांना नेटवर्क नसतं, तेव्हा ठिपका जुन्याच जागी अडकून बसेल. घाबरू नका, पुढचं स्टेशन आलं की हलेल. बॅग चोरीला गेली आणि ठिपका एखाद्या घरावर दिसला, तर दादाने एकट्याने तिथे मुळीच जाऊ नये. ठिपका म्हणजे पत्ता नाही, शेजारचं घरही असू शकतं. पोलिसांना दाखवायचं.

आता आजोबा. तुमची काळजी मला इथे बसूनही झोपू देत नाही, खरंच. सकाळी सक्करदऱ्याहून निघतात आणि रेशीमबागेवरून महाल भागात जातात, कारण त्यांच्या मनात अजून ते जुनं दुकान उघडायचं असतं. पण त्यांच्या खिशातला टॅग काय करेल ते पाहा. गर्दीत असले तर काही मिनिटांपूर्वीची जागा सांगेल. एखाद्या बागेत कोपऱ्यातल्या बाकावर बसले, रिकाम्या रस्त्याला लागले, तर काहीच सांगणार नाही, आणि नेमकी तीच वेळ धोक्याची. किल्ली पडल्या जागी पडून राहते, तासाभरापूर्वीचा ठिपकाही चालतो. चालत्या माणसाचा तासाभरापूर्वीचा ठिपका घेऊन तुम्ही कुठे धावणार? अॅपलसुद्धा आपला टॅग वस्तूंसाठी आहे, माणसांसाठी नाही असंच सांगते.

दुसरी अडचण अशी की मालकाच्या फोनपासून दूर राहून टॅग दुसऱ्याच्या सोबत फिरायला लागला, की त्या माणसाच्या फोनवर 'अनोळखी टॅग तुमच्यासोबत फिरतो आहे' असा इशारा येतो, आणि टॅग स्वतःही वाजू शकतो. आजोबांना हाताला धरून घरी आणणाऱ्या भल्या माणसाला असा इशारा आला तर तो बिचारा गोंधळून जाईल.

म्हणून त्यांच्यासाठी वेगळं करू. सिमकार्ड आणि जीपीएस असलेलं घड्याळ घ्या, पैसे मी पाठवते. ते स्वतःची जागा स्वतः शोधतं आणि स्वतः कळवतं. रोज चार्ज करावं लागेल, ते रात्री आजोबांच्या गोळ्यांच्या वेळेला वहिनीने करावं. घड्याळ येईपर्यंत प्रत्येक सदऱ्याच्या खिशात नाव आणि तुमचे व दादाचे नंबर लिहिलेलं प्लास्टिकचं कार्ड शिवून टाका. कोपऱ्यावरचा पानठेला आणि ऑटो स्टँड, दोन्हीकडे त्यांचा फोटो आणि तुमचा नंबर देऊन ठेवा. ती माणसं दिवसभर रस्त्याकडेच बघत असतात. आणि कधी दिसेनासे झाले तर वाट पाहायची नाही, ११२ लावायचा. ज्येष्ठांसाठी १४५६७ ही हेल्पलाइनही आहे, तो नंबर भिंतीवर लिहून ठेवा.

अनोळखी टॅगच्या त्या इशाऱ्याचा त्रास वाटला तरी तो बंद करू नका, कुणालाही करू देऊ नका. कुणी एखाद्या मुलीच्या पर्समध्ये टॅग टाकून तिच्या मागावर राहू नये, म्हणून तो आहे. असे प्रकार झाले, त्यावर खूप ओरड झाली, तेव्हा अॅपल आणि गूगलने मिळून एक पद्धत ठरवली. मे २०२४ पासून आयफोन आणि अँड्रॉइड, दोन्हींवर परक्या टॅगचा इशारा मिळतो. चोरालाही तो मिळतो, हे खरं. तरीही मला हा सौदा मान्य आहे. ताईची लेक हॉस्टेलवर राहते, तिला हे आवर्जून सांगा: असा इशारा आला तर टॅग शोधून काढ, वाजव, फोटो घे, आणि घरी न जाता थेट पोलीस ठाण्यात किंवा गर्दीच्या ठिकाणी जा. डार्मस्टाटच्या त्याच संशोधकांनी एअरगार्ड नावाचं मोफत अॅपही केलंय, ते तिच्या फोनवर घालून द्या.

विमानात टॅग चालतो. २०२२ च्या ऑक्टोबरात लुफ्थान्साने आधी चालणार नाही म्हटलं आणि काही दिवसांतच मागे घेतलं, कारण सेल इतका छोटा असतो की त्याने धोका नाही. डिसेंबरात येताना माझ्या बॅगेत एक असेलच.

शेवटी सेलबद्दल, आई, हे तुझ्यासाठी. सीआर २०३२ हा सेल २० मिलिमीटर रुंद, रुपयाच्या नाण्याएवढाच जवळपास, आणि दादाचा चिमुकला सगळं तोंडात घालतो. हा सेल गिळला तर दोन तासांत अन्ननलिका भाजू शकते. तसा नुसता संशय जरी आला तरी उलटी काढायची नाही, घरगुती काही द्यायचं नाही, थेट मेडिकल कॉलेजच्या दवाखान्यात न्यायचं. टॅगचं झाकण नीट बसलंय ना ते तू स्वतः बघ, आणि जुने सेल डब्यात साठवू नकोस.

माझ्यासोबत काम करणारी एक मैत्रीण पुढच्या आठवड्यात अमरावतीला जाते आहे, तिच्याजवळ पुडकं दिलंय. दादाने स्टेशनवर जाऊन घ्यावं. एक टॅग स्कूटरच्या किल्लीला, एक आईच्या पर्सला, एक प्रवासाच्या बॅगेला. स्कूटरचा दादाच्या फोनवर जोडून तुमच्याशी शेअर करायला सांगा, म्हणजे दोघांनाही दिसेल. घड्याळ कुठलं घ्यायचं ते रविवारी फोनवर ठरवू, वहिनीलाही बसवा.

आजोबांना माझा नमस्कार सांगा.

तुमची
लेक