गाणे पोहोचले, आता शब्द पाठवा : व्हिएतनामच्या संस्कृती मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. मंत्री,
संस्कृती, क्रीडा व पर्यटन मंत्रालय,
हनोई, व्हिएतनाम

विषय : गायिका होआंग थुई लिन्ह यांच्या गाण्यांचे अधिकृत शब्द, अर्थ आणि श्रेयनामावली परदेशी श्रोत्यांना खुली करण्याबाबत

सप्रेम नमस्कार.

होआंग थुई लिन्ह यांचे ‘सी तिन्ह’ फेब्रुवारी २०२२ मध्ये आले आणि त्यातली ‘तिन्ह तांग तांग’ ही लकेर आशियाभर फिरली. मराठी मुलामुलींच्या फोनवरही ती वाजली, लग्नाच्या संगीतात तिच्यावर नाच बसवले गेले. नाचणाऱ्यांपैकी फार थोड्यांना गायिकेचे नाव सांगता येईल, आणि ती लकेर अर्थहीन नाही हे तर जवळजवळ कुणालाच माहीत नसेल. आम्ही व्हिएतनामी गाणी मूळ भाषेतून मराठीत आणण्याची खटपट करणारी मंडळी आहोत. नेमके काय हरवते आणि ते आपल्या मंत्रालयाला कसे भरून काढता येईल, तेवढेच इथे मांडतो.

सुरुवात शीर्षकापासून. व्हिएतनामीत ‘सि तिन्ह’ म्हणजे प्रेमात खुळावलेला. त्यातल्या ‘सि’च्या जागी ‘पाहणे’ या अर्थाचा इंग्रजी शब्द बसवला आहे. उच्चार तोच राहिला आणि ‘पाहताक्षणी जडले’ अशी छटा आली. गाण्यात पुढे ‘तिम’ हा उच्चार दोन वेगळ्या स्वरांत येतो. चढत्या स्वरात तो जांभळा रंग, सपाट स्वरात हृदय. अतिनील किरण आकाश भेदतो आणि तू काळीज, अशी ती कोटी आहे. लकेरीतही हाच खेळ आहे : उतरत्या स्वरातले ‘तिन्ह’ म्हणजे प्रेम आणि चढत्या स्वरातले ‘तिन्ह’ म्हणजे हिशेब करणे. प्रेमा, हिशेब मांडत बसू नकोस, असे म्हणता म्हणता शब्द तंतुवाद्याच्या बोलांत विरघळतात. आमच्या तुणतुण्याला त्याचे नाव त्याच्या आवाजावरून मिळाले. मराठी कानाला हे लगेच पटेल. पण आधी कुणीतरी सांगायला हवे.

जगभर फिरली ती बहुधा वेग वाढवलेली आवृत्ती. ध्वनिमुद्रणाचा वेग सव्वापट केला आणि पट्टी सावरली नाही, तर षड्जाचा थेट शुद्ध गंधार होतो. चालीचा आकार टिकतो, कारण सगळेच स्वर सारख्या प्रमाणात वर जातात. पण व्हिएतनामीच्या हनोई बोलीत सहा स्वर आहेत. त्यांतला ‘जड’ स्वर घशात अडकून तुटतो, दुसरा एक मध्येच खंडित होऊन वर चढतो. या हालचालींना जेमतेम क्षणभर अवकाश असतो आणि वेग वाढला की तोही आटतो. मूळ गाण्यात सावकाश, लाडिक उमटणारी अक्षरे खेळण्यातल्या बाहुलीसारखी वाजू लागतात. शिवाय छोट्या चित्रफितींच्या ॲपवर हा तुकडा कुणीतरी स्वतःचा ‘मूळ ध्वनी’ म्हणून चढवतो, तेव्हा खाली नाव त्याचे दिसते. गाणी ओळखणाऱ्या यंत्रणा ध्वनीच्या ठशावर चालतात. पट्टी आणि वेग दोन्ही बदलले की ठसा अनेकदा जुळत नाही, आणि गायिका, तसेच ‘डीटॅप’ हा निर्माता-संगीतकारांचा त्रिकूट-गट, दोघेही श्रेयातून गळतात.

ही हानी इतर कुणाच्या बाबतीत कदाचित थोडी वाटली असती. होआंग थुई लिन्ह यांची सारी कारकीर्दच व्हिएतनामच्या साहित्यावर आणि लोकपरंपरेवर उभी आहे, म्हणून ती मोठी आहे.

त्यांचा जन्म १९८८चा, हनोईचा. किशोरांसाठीच्या एका लोकप्रिय दूरचित्रवाणी मालिकेत ‘वांग आन्ह’ ही भूमिका करत असताना, २००७ मध्ये, त्यांचे खासगी चित्रण त्यांच्या संमतीशिवाय पसरवले गेले. त्या १९ वर्षांच्या होत्या. मालिका बंद झाली, आणि ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांनाच पडद्यावर येऊन माफी मागावी लागली. चित्रण पसरवणाऱ्यांना पुढे न्यायालयाने शिक्षा केली. परदेशी वाचकांसाठी त्यांचा परिचय लिहाल, तेव्हा ही बाब लपवू नये, पण गुन्हा कुणी केला आणि कुणाविरुद्ध झाला हे वाक्याच्या रचनेतच स्पष्ट असावे, आणि दोन ओळींत संपवून पुढे गाण्यांकडे यावे. २०१०ला त्या स्वतःच्या नावाचा अल्बम घेऊन गायिका म्हणून परतल्या. २०१८ला आत्मकथन आले. त्याच्या शीर्षकात वांग आन्ह आहे, म्हणजे आपला हळद्या पक्षी, आणि राखेतून उठणारा फिनिक्सही आहे. फिनिक्ससाठीच्या व्हिएतनामी शब्दात त्यांचे आडनाव ‘होआंग’ही दडलेले आहे. भाषांतरात हे सुटू नये असे आम्हाला मनापासून वाटते.

खरे वळण २०१६चे, ‘बान्ह चोइ नुओक’. गाण्याचे हे नाव एका पदार्थाचे आहे. चिकट तांदळाच्या पिठाची मऊ उकड मळायची, तिच्या छोट्या गोळ्यात उसाच्या तांबूस साखरेचा एक खडा ठेवायचा, गोळा नीट बंद करून उकळत्या पाण्यात सोडायचा. आधी तो तळाशी जातो. शिजला की वर तरंगतो. मग थंड पाण्यात काढायचा, म्हणजे एकमेकांना चिकटत नाही. तोंड नीट मिटले नाही तर साखर पाण्यात विरघळून जाते आणि हाती नुसते पीठ उरते. उकडीचे मोदक करणाऱ्या घरात हे समजावून सांगायला एक वाक्य पुरते.

या पदार्थावर हो स्वान हुओंग या कवयित्रीने दोनशे वर्षांपूर्वी चार ओळी लिहिल्या आणि गाणे त्यांवर उभे आहे. मी गोरी, मी गोल. सातदा तरंगते, तीनदा बुडते. घट्ट की पिचलेली, हे मळणाऱ्या हाताच्या हाती. तरी आतला लाल गाभा मी राखते. ‘सातदा तरंगणे, तीनदा बुडणे’ हा व्हिएतनामीत आयुष्याच्या हालअपेष्टांसाठीचा वाक्प्रचार आहे. ‘नुओक’ म्हणजे पाणी, आणि ‘नुओक’ म्हणजेच देश. ‘लाल’ या शब्दाचा दुसरा अर्थ एकनिष्ठ. आणि या सगळ्याखाली स्त्रीच्या देहाचे उघड सूचन आहे. लावणीतला श्लेष ऐकत वाढलेल्या मराठी रसिकाला त्याचे वावडे नाही. पण इंग्रजीतून आलेले भाषांतर ‘तरंगता केक’ असे असते. केक भाजतात. केकच्या पोटात वितळलेला गूळ नसतो. एका चुकीच्या शब्दाने चारही ओळी मेल्या.

२०१९च्या ‘दे मि नोइ चो मा ङे’ची गत आणखी अवघड आहे, कारण तिथे संदर्भ ठाऊक नसेल तर अडते आहे हेही कळत नाही. शीर्षकाचा अर्थ, ‘मि काय सांगते ते ऐका’. मि ही तो ह्वाई यांच्या १९५०च्या दशकातल्या कथेतली म्हाँग समाजातली तरुणी. आईबापांच्या कर्जापोटी गावप्रमुखाच्या घरची सून झालेली, दिवसरात्र राबणारी. नववर्षाच्या रात्री दुरून बासरी ऐकू येते आणि तिला आठवते की आपण अजून तरुण आहोत, आपल्यालाही बाहेर फिरायला जायचे आहे. ती नटू लागते, तेवढ्यात नवरा तिला खांबाला बांधून निघून जातो. व्हिएतनाममध्ये ही कथा अनेक वर्षे बारावीच्या पुस्तकात राहिल्याने गाण्यातले ‘मिला फिरायला जायचंय’ ऐकताच तिथल्या श्रोत्याला तो खांब दिसतो. परदेशी श्रोत्याला दिसते ती रंगीबेरंगी कपड्यांतली सहलीला निघालेली मुलगी. मराठीत याला उत्तम पूल आहे. भोंडल्याच्या गाण्यात सून माहेरी जायची परवानगी मागते आणि सासू म्हणते, आधी कारल्याचे बी पेर. मग वेल, मग कारले, मग भाजी. चाल खेळकर, आत कोंडलेला जीव. टिपणात एवढी एक तुलना असली तरी मराठी ऐकणारीला गाण्यातला फेर कशासाठी आहे ते उमगेल.

त्याच वर्षीच्या ‘होआंग’ या अल्बमनंतर २०२०ला त्यांना कोंग हिएन, म्हणजे ‘योगदान’, पुरस्कारांपैकी ४ मिळाले. त्या अल्बमकाळातले ‘तू फू’ हे गाणे मातृदेवतांच्या उपासनेकडे जाते. विश्वाचे चार लोक, चार रंग : आकाशाचा लाल, अरण्याचा हिरवा, पाण्याचा पांढरा, भूमीचा पिवळा. डोक्यावर लाल वस्त्र घेतलेल्या व्यक्तीत देवतेचा संचार होतो, आणि दोन तारांची वीणा, बांबूच्या टिपऱ्या व ढोलकाच्या साथीने चाउ वान हे उपासनेचे गायन होते. युनेस्कोने २०१६ला या परंपरेची नोंद मानवतेच्या अमूर्त वारशात केली आहे. आमच्याकडे जागरण-गोंधळ आहे, ‘अंगात येणे’ हा रोजचा शब्द आहे. इंग्रजी वळसा घेतला की तिथे भुताटकीचे शब्द शिरतात आणि उपासनेचे गाणे भयपटाचे होऊन बसते.

आता काय करावे, याबद्दल.

आमची मागणी प्रत्येक गाण्यामागे एका अधिकृत फाइलची आहे. आधी फक्त १२ गाणी घ्यावीत. फाइलमध्ये पहिली गोष्ट नाव. गायिकेच्या ‘थुई’ या शब्दाची स्वरखूण जुन्या पद्धतीने ‘यू’वर देतात आणि नव्या पद्धतीने ‘वाय’वर. दोन्ही लेखने चालू आहेत, पण काही शोधयंत्रणा त्यांना दोन व्यक्ती समजतात. मुख्य म्हणून एक ठरवावे आणि दुसरे, तसेच खुणांविना लिहिलेले तिसरे, पर्यायी म्हणून नोंदवावे. आडनाव ‘होआंग’ आधी येते, हेही लिहावे. नाहीतर ‘लिन्ह’ला आडनाव मानून याद्या उलट्या लागतात.

दुसरी गोष्ट अक्षरांची साठवण. व्हिएतनामीत एकाच स्वराक्षरावर दोन खुणा येऊ शकतात आणि युनिकोडमध्ये ते अक्षर एकसंध किंवा दोन-तीन तुकड्यांत साठवता येते. दिसायला सारखे, यंत्राला वेगळे. मराठी टंकलेखकांना हा त्रास ‘दऱ्या’तल्या ‘ऱ’पायी माहीत आहे : कुणी ते एकच अक्षर म्हणून टंकतात, कुणी ‘र’खाली नुक्ता देऊन. आपण सर्व फाइली एकसंध रूपात आणि यूटीएफ-८मध्ये जतन कराव्यात. एवढ्याने उपशीर्षकांत उमटणारी प्रश्नचिन्हे बहुतांशी जातील.

त्यानंतर ओळवार शब्द, त्यांखाली शब्दशः अर्थ, आणि कोटी किंवा साहित्यसंदर्भ असेल तिथे टीप. टीप ३०० शब्दांहून मोठी नको, कारण लांब टिपा कुणी भाषांतरित करत नाही. गीत, संगीत, संगीतसंयोजन, निर्मिती यांची वेगवेगळी श्रेये हवीत. ध्वनिमुद्रणाचा १२ चिन्हांचा आयएसआरसी क्रमांक आणि रचनेचा आयएसडब्ल्यूसी क्रमांक हवा. वेगवान आवृत्त्या अधिकृतपणे प्रकाशित होतात तेव्हा त्यांना स्वतंत्र आयएसआरसी द्यावा, पण रचनेचा क्रमांक मूळचाच ठेवावा, म्हणजे नाच कोणत्याही वेगाचा असो, रचनाकाराची नोंद एकाच खात्यात पडते. व्हिएतनामचे संगीत-स्वामित्व केंद्र २००२पासून काम करते आणि आमच्याकडे गीतकार-संगीतकारांचे स्वामित्वहक्क सांभाळणारी मुंबईची आयपीआरएस ही संस्था आहे. दोघांना वाचता येईल असा एकच तक्ता असला की पुरे.

हक्कांचा प्रश्न आम्हाला दिसतो. शब्दांवर गीतकारांचा हक्क आहे आणि मंत्रालय ते परस्पर वाटू शकत नाही. म्हणून केवळ उपशीर्षके आणि शिक्षण यांपुरता, विनामोबदला, श्रेयासह, असा मर्यादित परवाना गायिकेच्या आणि गीतकारांच्या संमतीने घ्यावा. गाणे पुन्हा गाण्याचा किंवा विकण्याचा हक्क त्यात नसावा.

आणखी एक आग्रह : देवनागरीकडे इंग्रजीतून येऊ नका. व्हिएतनामीतला ‘थ’ हा आमचा ‘थ’च आहे, इंग्रजीतला नव्हे. शब्दाच्या आरंभी येणाऱ्या ज्या अनुनासिकापाशी इंग्रजी अडखळते त्यासाठी आमच्या वर्णमालेत ‘ङ’ आहे. आम्ही तो तक्त्यात शिकतो आणि आयुष्यभर क्वचितच लिहितो. ‘ञ’चेही तसेच. उणीव आहे ती स्वरखुणांची. त्यासाठी अक्षराच्या डोक्यावर लहान चढती, उतरती किंवा तुटक रेघ देता येईल आणि तिचा तक्ता फाइलच्या शेवटी जोडता येईल. उपशीर्षकात दोनच ओळी ठेवाव्यात, वर उच्चार आणि खाली अर्थ. तिसरी आली की बघणारा चित्र सोडून वाचत राहतो.

हा खर्च कशात बसवायचा, याचे उत्तर आपल्याच कागदपत्रांत आहे. २०१६ला मंजूर झालेल्या सांस्कृतिक उद्योगांच्या धोरणातल्या १२ क्षेत्रांमध्ये प्रयोगकलाही आहे आणि सांस्कृतिक पर्यटनही. २०२२पासून मुंबईहून आपल्या देशाला थेट विमाने सुरू झाली. हनोईच्या जुन्या पेठेत बान्ह चोइची वाटी हातात घेणाऱ्या नाशिकच्या पाहुण्याला त्या चार ओळी आधीच माहीत असाव्यात, इतकीच आमची अपेक्षा आहे.

पहिली फाइल ‘बान्ह चोइ नुओक’ची करावी. कविता जुनी असल्याने मूळ ओळींवर हक्क उरलेला नाही, फक्त गाण्यातल्या नव्या शब्दांसाठी संमती लागेल. मराठी मसुदा आम्ही विनामूल्य करून देऊ. तो तपासायला हनोई बोलीचा, शक्यतो जुन्या नोम लिपीतली कविता वाचणारा, एक जाणकार मंत्रालयाने नेमावा, आणि ‘लाल’ या शब्दापाशी त्याने आमच्याशी हवे तितके भांडावे.

हे पत्र मराठी वाचकांसाठी खुले केले आहे; व्हिएतनामी प्रत मंत्रालयाकडे स्वतंत्रपणे पाठवत आहोत.

आपले,
व्हिएतनामी गाण्यांचे मराठी भाषांतरकार आणि श्रोते