“काही खाल्लेस का?” : डिमीटरच्या गोष्टीविषयी मित्रास पत्र

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मंगळवारी मिळाले. मुलीच्या पुस्तकात पर्सेफनीची गोष्ट आली आहे आणि तिच्याखाली ‘ऋतू का बदलतात हे ग्रीक लोक असे सांगत’ एवढे एकच वाक्य छापले आहे, असे तू कळवले आहेस आणि गोष्ट खरोखर एवढीच आहे का, असे विचारले आहेस. ही गोष्ट गेली कित्येक वर्षे माझ्या मनात घर करून आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

ती पूर्ण स्वरूपात आपल्याला मिळते ती डिमीटर या धान्यदेवतेच्या ४९५ ओळींच्या एका सूक्तात. हे सूक्त होमरच्या नावाने चालत आलेल्या स्तोत्रसंग्रहातले आहे, पण ते होमरचे नव्हे. इसवी सनापूर्वीच्या सातव्या-सहाव्या शतकात ते केव्हातरी रचले गेले असावे, असे अभ्यासक मानतात. शेकडो वर्षे ते कोणाच्या वाचनात नव्हते. १७७७ साली मॉस्कोमध्ये माथेई नावाच्या जर्मन पंडिताला त्याचे एकमेव हस्तलिखित सापडले, आणि त्याने दिलेली हकीकत अशी की ते एका तबेल्यात कोंबड्या-डुकरांच्या सहवासात पडून होते. आज ते नेदरलँड्समधील लायडनच्या विद्यापीठात आहे. ती पाने तिथेच कुजून गेली असती तर पुढे मी जे लिहिणार आहे त्यातले बरेचसे आपल्याला कधी कळलेच नसते.

गोष्टीची सुरुवातच बघ. डिमीटरची मुलगी पर्सेफनी मैत्रिणींबरोबर कुरणात फुले वेचते आहे. तिला भुलवण्यासाठी पृथ्वीने एकाच कंदातून शंभर फुले फुटलेले नर्गिसचे रोप उगवले आहे. ती दोन्ही हात पुढे करते, जमीन दुभंगते आणि पाताळाचा राजा हेडीस तिला सोन्याच्या रथात घालून घेऊन जातो. पण कवी तिसऱ्याच ओळीत सांगून टाकतो की देवांचा राजा झ्यूस याने, म्हणजे तिच्या बापानेच, ती त्याला देऊन टाकली होती. विचारले नव्हते ते फक्त आईला. तिची किंकाळी डोंगरांत आणि समुद्रतळाशी घुमते, आई ती ऐकते आणि नऊ दिवस हातात पेटत्या मशाली घेऊन, अन्नपाण्याला न शिवता, अंगाला पाणी न लावता रानोमाळ फिरते. खरे काय ते कोणीच सांगत नाही. शेवटी सगळे पाहिलेला सूर्यदेव हेलिऑस सांगतो, आणि सांगून झाल्यावर तिची समजूत घालू लागतो, की हेडीस जावई म्हणून काही वाईट नाही, तुझा सख्खा भाऊ आहे, विश्वाच्या तिसऱ्या हिश्श्याचा धनी आहे. ‘स्थळ चांगले आहे, आता रडणे पुरे’ हे आईला सांगण्याची रीत किती जुनी आहे, हे त्या ओळी वाचताना मला फार लागले.

यापुढचा भाग मुलांच्या पुस्तकांतून बहुधा गाळला जातो आणि मला तोच सर्वांत मोलाचा वाटतो. डिमीटर देवांची संगत सोडते, म्हातारीचे रूप घेते आणि अथेन्सजवळच्या इल्यूसिस गावी विहिरीपाशी, ऑलिव्हच्या झाडाच्या सावलीत येऊन बसते. राजा केलिओसच्या चार मुली काशाच्या कळश्या घेऊन पाण्याला येतात. म्हातारी त्यांना सांगते की मी क्रीटहून आले, चाच्यांनी मला पळवून आणले होते. लेकीची कहाणी ती स्वतःची म्हणून सांगते, हे मला फार उशिरा लक्षात आले. मुली आईला विचारायला घरी धावतात आणि तिला न्यायला पुन्हा धावत येतात, तेव्हा कवी म्हणतो की त्या वसंतात कुरणात बागडणाऱ्या पाडसांसारख्या दिसत होत्या आणि केशराच्या फुलासारखे त्यांचे केस खांद्यांवर उडत होते. ज्या आईची तशीच एक मुलगी नुकतीच गेली आहे, तिच्या डोळ्यांसमोरून त्या चौघी धावतात.

त्या घरात ती मानाच्या आसनावर बसत नाही, तांबडी मदिरा नाकारते, आणि जवाचे पीठ, पाणी व पुदिन्याच्या जातीची पाने घालून केलेले साधे पेय मागून घेते. घरातल्या यांबी नावाच्या दासीच्या थट्टामस्करीने तिच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा हसू येते. मग ती राणी मेटानिराच्या तान्ह्या मुलाला, डेमोफूनला, सांभाळू लागते. दिवसा त्याला देवांचे अमृत चोळायचे आणि रात्री निखाऱ्यांत ठेवायचे, म्हणजे तो अमर होईल, असा तिचा क्रम असतो. एका रात्री राणी हे पाहते आणि किंचाळते. देवी संतापून मूल जमिनीवर ठेवते आणि आपले खरे रूप प्रकट करते. राणीचे पाय लटपटतात, तिला मुलाला उचलायचेही भान राहत नाही, तेव्हा बहिणी जाग्या होतात. एक त्याला कुशीत घेते, एक विस्तव पेटवते, सगळ्या मिळून त्याला न्हाऊ घालतात, पण तो काही केल्या शांत होत नाही, कारण आता त्याला घेणारे हात देवीचे नाहीत. देवीच्या कोपाचे वर्णन करता करता कवी त्या रडणाऱ्या बाळाकडे वळतो, याबद्दल मला त्याच्याविषयी अपार कृतज्ञता वाटते.

आणि मग डिमीटर जे करते ते तुझ्या मुलीला नक्की सांग. ती कोणावर शस्त्र उगारत नाही, शापही देत नाही. गावकऱ्यांनी बांधलेल्या देवळात ती एकटी बसून राहते आणि धान्य उगवू देत नाही. वर्षभर बैल नांगर ओढतात, पेरलेले जव मातीतच राहतात. माणसे उपाशी मरायला लागली की देवांचा हविर्भागही बंद होणार, हे झ्यूसच्या ध्यानात येते. तो आधी आपली दूती आयरिस हिला पाठवतो, मग एकेक करून सगळे देव नजराणे घेऊन येतात, पण लेक डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ती जागची हलत नाही. सर्वशक्तिमान म्हणवणाऱ्या झ्यूसला शेवटी देवांचा दूत हर्मीस याला मुलीला आणायला पाताळात धाडावे लागते.

मायलेकी भेटतात, आणि मिठीत असतानाच आईच्या मनात पाल चुकचुकते. ती विचारते, खाली असताना काही खाल्लेस का? आपल्याकडे परगावाहून आलेल्या लेकराला उंबरठ्यातच विचारला जाणारा हा प्रश्न, पण इथे उत्तर ‘नाही’ यावे म्हणून आईचा जीव टांगणीला लागलेला असतो, कारण पाताळातले काही खाल्ले असेल तर तिला तिथे परतावे लागणार. मुलीने डाळिंबाचा एक दाणा खाल्लेला असतो. कवीने आधी एवढेच सांगितले आहे की हेडीसने तो तिला गुपचूप दिला. मुलगी आईला सांगताना म्हणते की त्याने तो बळजबरीने खायला लावला. यांतले खरे काय, याचा निवाडा कवी करत नाही, आणि मलाही तो करावासा वाटत नाही. त्या एका दाण्यामुळे तिला वर्षाचा तिसरा हिस्सा पाताळात राहावे लागते.

ऋतू येतात ते इथे, आईने लढून मिळवलेली तडजोड म्हणून. ग्रीसमध्ये पेरणी पावसाळ्याच्या तोंडाशी, शरदात होते आणि सुगी उन्हाळ्याच्या सुरुवातीला, म्हणून पर्सेफनी नसते तो काळ रखरखीत उन्हाळ्याचा असावा, असे काही अभ्यासक म्हणतात. पण सूक्तात ती वसंताच्या फुलांबरोबर वर येते असे स्पष्ट म्हटले आहे, तेव्हा मी त्या मताच्या फार मागे जात नाही.

इल्यूसिसला या देवीचे गुप्त विधी हजाराहून अधिक वर्षे चालले. ग्रीक भाषा समजणे आणि हात खुनाने माखलेले नसणे एवढ्याच अटी असत; स्त्रियांना आणि गुलामांनाही दीक्षा मिळे. इ.स. ३९२ मध्ये सम्राट थिओडोसिअसने जुन्या देवांची पूजा बंद केली. तरीही १८०१ साली केंब्रिजचा क्लार्क नावाचा प्रवासी तिथे गेला, तेव्हा गावकऱ्यांनी खळ्याजवळ एका भग्न स्त्रीमूर्तीला गळ्यापर्यंत शेणखत घालून जपले होते, आणि ती गेली तर पीक जाईल, अशी त्यांची श्रद्धा होती. क्लार्कने ती नेण्याच्या आदल्या संध्याकाळी जोखडातून सुटलेल्या एका बैलाने मूर्तीला धडक दिली आणि तो हंबरत माळावर पळाला, असे क्लार्कनेच लिहून ठेवले आहे. मूर्ती अखेर नेली गेलीच आणि आज ती केंब्रिजच्या फिट्झविल्यम संग्रहालयात आहे. अभ्यासकांच्या मते ती डिमीटर नसून देवळाच्या दरवाजाला आधार देणाऱ्या दोन स्त्रीमूर्तींपैकी एक आहे. दुसरी अजून इल्यूसिसलाच आहे.

सूक्ताचे इंग्रजी भाषांतर या पत्रासोबत पाठवत आहे. विहिरीचा प्रसंग आणि डाळिंबाचा प्रसंग, दोन्हींवर पेन्सिलीने खूण केली आहे. मुलीला मराठीत सांगताना विहिरीपासून सुरुवात कर, आणि ती काय विचारते ते मला अवश्य कळव. वहिनींना नमस्कार, मुलीस अनेक आशीर्वाद.

तुझा,
जुना मित्र