शत्रूची टर आणि इतिहासाचा तास

महोदय,

सीमेवर तणाव वाढला की शत्रूराष्ट्राच्या नेत्यांची टर उडवणाऱ्या ॲनिमेटेड चित्रफिती मोबाइलवर फिरू लागतात. ठाण्यात घोडबंदर रस्त्यावरील आमच्या सोसायटीच्या ग्रुपवरही त्या येतात आणि मुले त्या पुन्हा पुन्हा लावून खिदळतात. हा उद्योग किती जुना आहे, हे मुलांना इतिहासाच्या तासाला दाखवता येईल, म्हणून हे पत्र.

दुसऱ्या महायुद्धात, १९४३ मध्ये, प्रदर्शित झालेल्या डिस्नेच्या ‘डेर फ्यूरर्स फेस’ या लघुपटाला ऑस्कर मिळाले. त्यात नाझी राजवटीत राबणारा डोनाल्ड डक लाकडासारखा कडक पाव करवतीने कापतो, तिजोरीत दडवलेला कॉफीचा एकुलता एक दाणा पाण्यात बुडवून लगेच काढून घेतो आणि अंडी-बेकनचा नुसता वास तोंडात फवारून न्याहारी उरकतो. कारखान्यात तोफगोळ्यांची टोपणे आवळताना मध्येच हिटलरची तसबीर आली की तिलाही त्याला सलाम ठोकावा लागतो. इथे चेष्टेचा मुख्य रोख हुकूमशाहीवर आहे, म्हणून ती आजही टोचते. पुढच्याच वर्षी वॉर्नर ब्रदर्सच्या बग्ज बनीने मात्र जपानी सैनिकांना आइस्क्रीममध्ये दडवून हातबाँब वाटले आणि तिथे विनोदाचे भांडवल होते जपानी माणसाचे दात, डोळे आणि बोलणे. पुढे जपानी वंशाच्या अमेरिकी नागरिकांनी निषेध केल्यावर ते कार्टून विक्रीतून मागे घ्यावे लागले.

जपाननेही तेच केले. पीचमधून जन्मलेला आणि कुत्रा, माकड व तितर यांना घेऊन राक्षसांचे बेट जिंकणारा मोमोतारो हा तिथल्या लोककथेतला मुलांचा लाडका नायक. १९४३ मध्ये नौदलाच्या पाठबळावर निघालेल्या सदतीस मिनिटांच्या चित्रपटात त्याला थेट सेनापती केले आणि राक्षसांच्या बेटाच्या जागी जपानने हल्ला केलेला अमेरिकी नौदलाचा तळ पर्ल हार्बर दाखवला. आजीच्या गोष्टीलाच गणवेश चढवला की शंका कोण घेणार? मला तर डोनाल्डपेक्षा ही युक्ती अधिक धूर्त वाटते.

नववी-दहावीच्या वर्गांत डोनाल्डचा आणि मोमोतारोचा हे दोन्ही चित्रपट लागोपाठ दाखवावेत, अशी ठाण्यातील शाळांना माझी सूचना आहे. दोन्ही मिळून साधारण पाऊण तासाचे आहेत. त्यानंतरचा एक तास मात्र ते कोणी, कोणासाठी आणि कोणाच्या पैशाने काढले, यावरील चर्चेसाठी राखून ठेवावा.

— एक वाचक, ठाणे (पश्चिम)