ती. आई-बाबांस, सावकाश चालण्याविषयी

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

अप्पाकाका गेल्यापासून फोनवरचे आपले बोलणे औषधे, रिपोर्ट आणि हवापाणी यांच्यापुढे जात नाही. बाबांचा ईसीजी आणि आईच्या रक्ताच्या तपासण्या ठीक आल्या, तरी बाबांची मान आखडलेलीच आहे, आईच्या छातीवरचे दडपण उतरत नाही आणि दोघांनाही पहाटे तीनला जाग येते. आत्या म्हणते तसे तुम्ही मन मोकळे करावे, असा आग्रह मी धरणार नाही. ज्यांनी आयुष्यभर स्वतःच्या दुःखाविषयी चकार शब्द काढला नाही, त्यांना पंचाहत्तरीत बळेच बोलते करणे मला प्रशस्त वाटत नाही. मला सुचवायचे आहे ते, म्हणजे शरीराकडे लक्ष देत सावकाश चालणे आणि हलकी हालचाल करणे, बोलल्यावाचून होणारे आहे.

परवा व्हिडिओ कॉलवर बाबांचे खांदे जवळजवळ कानांपर्यंत चढलेले दिसले, अंगठे मुठीत आवळलेले होते आणि श्वास गळ्यापाशीच अडत होता. शरीर असे सतत आवळून धरले, की संकट अजून सरलेले नाही असेच मेंदूला कळत राहते. हृदय, फुप्फुसे आणि आतडी यांना मेंदूशी जोडणारा व्हेगस नावाचा जो मोठा मज्जातंतू आहे, त्यातील बहुतेक धागे शरीराची खबर वर मेंदूकडे नेणारे असतात. श्वास सोडताना हृदयाचे ठोके किंचित मंदावतात ते याच मज्जातंतूमुळे; मात्र उतारवयात हा फरक कमी होतो, म्हणून नाडीवर बोट ठेवून तो कळला नाही तरी घाबरू नये.

बाबा, तुम्ही म्हणाल, हा कसला व्यायाम! बडोद्याच्या दांडिया बाजारातील जुम्मादादा व्यायाम मंदिरात जोर, बैठका आणि मल्लखांब केलेल्या माणसाला घाम न आणणारी हालचाल पटणे अवघडच आहे. पण डभोईस १८८३ साली जन्मलेले जगन्नाथ गणेश गुणे १९०७ ते १९१० या काळात त्याच व्यायाम मंदिरात राजरत्न माणिकरावांच्या हाताखाली तयार झाले, आणि पुढे त्यांनीच स्वामी कुवलयानंद या नावाने १९२४ साली लोणावळ्यात कैवल्यधाम स्थापून आसने व प्राणायाम यांचे शरीरावर काय परिणाम होतात, हे प्रयोगशाळेत तपासून पाहिले. तेव्हा या गोष्टीला दांडिया बाजारातूनच विरोध व्हावा, याची मला गंमत वाटते.

कमाटीबागेत फिरायला निघण्यापूर्वी आपल्या ओसरीवर भिंतीच्या आधाराने थोडे अनवाणी चालावे, आणि तेही आधी टाच, मग तळव्याची बाहेरची कड, मग बोटे असा भार सरकताना जाणवेल इतके सावकाश. त्यानंतर खुर्चीत बसून श्वास घेताना खांदे वर न्यावेत, सोडताना ते आपल्या वजनाने खाली येऊ द्यावेत आणि मग काहीही न करता थांबावे. माझ्या मते सारे मर्म या थांबण्यात आहे, कारण उजवा खांदा डाव्यापेक्षा जड आहे का, हात गरम झाले का, श्वास पोटापर्यंत उतरला का, हे तेव्हाच उमगते. बैठका मोजण्याची तुमची सवय येथे आड येईल. मध्येच डोळे भरून आले तर हालचाल थांबवून पाणी प्यावे. काही बिघडले असे समजू नये.

आई, डोळे मिटून बसले की घाबरल्यासारखे होते, असे तू म्हणालीस, तर डोळे मिटूच नकोस. दुःख ताजे असताना लक्ष आत वळवले की काहींची धडधड उलट वाढते. अशा वेळी ओट्याच्या कडेवर दोन्ही तळहात टेकून दगडाचा गारवा आणि पायांखालची फरशी यांच्याकडे लक्ष दे. वर्ष व्हायच्या आत गरब्याला जायचे नाही, हे तुझे म्हणणे मला मान्य आहे. परंतु घरातल्या घरात, टाळी न वाजवता, त्याच पावलांनी दोन-चार फेरे घालायला कोणाची हरकत असणार? जोशीकाकूंना बरोबर घेतलेस तर अधिक चांगले, कारण दुसऱ्याच्या पावलाबरोबर आपले पाऊल पडू लागले की एकटेपणा थोडा हलका होतो.

यामुळे सगळे बरे होते, असे सांगणाऱ्यांवर माझाही विश्वास नाही. अमेरिकेत मानसिक आघातानंतर जडणाऱ्या आजाराने (पीटीएसडी) वर्षानुवर्षे त्रस्त असलेल्या ६४ स्त्रियांवर झालेला एक अभ्यास २०१४ साली प्रसिद्ध झाला. त्यात दहा आठवडे शरीराच्या जाणिवेवर भर देणारा योग केलेल्या गटातील सुमारे निम्म्या स्त्रियांमध्ये त्या आजाराचे निदान उरले नाही, तर केवळ आरोग्यविषयक माहिती मिळालेल्या गटात हे प्रमाण बरेच कमी होते. अभ्यास लहान आहे, शिवाय आपला शोक म्हणजे तो आजार नव्हे. तरीही प्रयत्न करून पाहण्याइतका आधार मला त्यात दिसतो.

रक्तदाब असल्यामुळे बाबांनी श्वास कोंडून धरू नये आणि डोके खाली जाईल असे काही करू नये. आईच्या छातीतले दडपण वाढले किंवा कळ हातात उतरली, तर ती दुःखाची समजून घरी थांबू नये, तत्काळ दवाखाना गाठावा. पुढच्या भेटीत डॉक्टरांनाही हे सारे विचारून घ्यावे. गुरुवारी फोन करीन, तेव्हा बाबांनी मानेची हकीकत स्वतः सांगावी, आईकरवी नको.

तुमची लेक