पुठ्ठ्याचे खांब नव्हेत, खांबांचे पुठ्ठ्याचे साचे

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या गेल्या रविवारच्या पुरवणीत ‘आता पुठ्ठ्याच्या खांबांवर घर’ या शीर्षकाचा एक अनुवादित लेख प्रसिद्ध झाला आहे. मी निवृत्त स्थापत्य अभियंता असून माझ्या ओळखीच्या पुष्कळ कुटुंबांत आपली पुरवणी वाचली जाते. त्यामुळे सोमवारपासून लोक मला रस्त्यात थांबवून, पुठ्ठ्याचे खांब इंदूरच्या पावसात टिकतील का, असे विचारू लागले आहेत. मूळ लेखात काय होते ते मी पाहिलेले नाही. परंतु अनुवादातील वर्णनावरून ते खांब पुठ्ठ्याचे नसून काँक्रीटचेच आहेत, आणि पुठ्ठ्याचा आहे तो केवळ त्यांचा साचा, हे बांधकामावर चार दिवस काढलेल्या कोणाच्याही ध्यानात यावे. हा फरक शीर्षकातच पुसला गेल्याने पुढचा सगळा लेख वाचकांना उलटा समजला.

गोंधळ कोठे झाला असावा याचाही अंदाज येतो. ‘कॉलमचा फॉर्म भरून झाल्यावर एक दिवस थांबावे’ असे एक वाक्य लेखात आहे. बांधकामात कॉलम म्हणजे खांब, फॉर्म म्हणजे साचा, आणि तो भरायचा तो काँक्रीटने. पण आपल्याकडे फॉर्म भरतात तो पेनाने, आणि बहुधा तीन प्रतींत. आमच्या वसाहतीतील एका गृहस्थांनी मला अगदी गंभीरपणे विचारले, की हा कॉलमचा फॉर्म महापालिकेच्या झोन कार्यालयात कोणत्या खिडकीवर मिळतो. कॉलम हा शब्द तर आपल्या व्यवसायाचा. छापखान्यात आणि संपादकीय विभागात तो उभ्या रकान्याला लावतात, म्हणून आपण त्याला स्तंभ आणि लिहिणाऱ्याला स्तंभलेखक म्हणता. संस्कृत काव्यशास्त्रात स्तंभ हा आठ सात्त्विक भावांपैकी एक आहे. भय किंवा विस्मय यांमुळे शरीर जागच्या जागी ताठरणे, असा त्याचा अर्थ आहे. आपले शीर्षक वाचून माझी तीच अवस्था झाली.

आता वस्तूविषयी. हा साचा म्हणजे जाड पुठ्ठ्याची सरळ, गोल नळी. ती एका कागदाची गुंडाळी नसते. क्राफ्ट, म्हणजे जाड व चिवट तपकिरी, कागदाच्या पट्ट्या चिकटद्रव्य लावून तिरप्या गुंडाळत नेतात, पगडी बांधताना एक पेच आधीच्या पेचावर थोडा चढवावा तशा, आणि असे अनेक थर एकमेकांवर बसले की हातोड्याच्या दांड्यासारखी टणक नळी तयार होते. ओल आत शिरू नये आणि काँक्रीट चिकटू नये म्हणून तिला मेणाचा अथवा प्लास्टिकचा पातळ लेप देतात. ही नळी पायावरून वर आलेल्या सळयांच्या जाळ्याभोवती उभी करावयाची, ओळंब्यात आणून लाकडी पट्ट्यांनी चहूबाजूंनी बांधावयाची, बुडाशी सिमेंटचे पाणी निसटणार नाही असा बंदोबस्त करावयाचा, आणि मग वरून काँक्रीट ओतावयाचे.

लोकांना अविश्वास वाटतो तो पुढच्या गोष्टीचा, आणि तो स्वाभाविक आहे. ओले काँक्रीट घनमीटरला सुमारे २४०० किलो भरते. ३ मीटर उंच आणि ३०० मिलिमीटर व्यासाच्या एका खांबात ५०० किलोंहून थोडे अधिक काँक्रीट जाते. हा साचा झटपट भरला आणि आतील काँक्रीट अजून पातळच आहे असे धरले, तर तळाशी चौरस मीटरला ७२०० किलोंचा दाब बाहेरच्या दिशेने येतो. ही संख्या ऐकली की पुठ्ठा फाटणारच असे वाटते. पण गोल साच्यात हा दाब सर्व बाजूंना सारखा असल्यामुळे पुठ्ठ्याला वाकावे लागत नाही, त्याला फक्त ताणले जावे लागते. लाकडी पिंपाला आवळलेली लोखंडी पट्टी जे काम करते तेच काम नळीचा प्रत्येक वेढा करतो. गणित मांडले तर तळाच्या एक सेंटिमीटर उंचीच्या वेढ्यावर येणारा ताण अवघा ११ किलोंच्या आसपास निघतो. कागदाची पट्टी कडेला चीर देऊन फाडणे सोपे, पण दोन्ही टोके धरून सरळ ओढून तोडणे किती अवघड असते, हे घरी कोणालाही करून पाहता येईल. चौकोनी साच्याचे तसे नाही. त्याच्या सपाट फळ्या दाबाने वाकतात, आणि चाप किंवा पट्ट्या जवळजवळ आवळल्या नाहीत तर शटरिंगला, म्हणजे साच्याला, पोट येते. ते पोट नंतर छिन्नीने तासत बसलेले मिस्त्री मी पुष्कळ पाहिले आहेत.

लेखात ‘पुठ्ठ्यामुळे खांबाला मजबुती येते’ असेही एक विधान आहे. ते मात्र नुसते चुकीचे नसून धोकादायक आहे. काँक्रीट घट्ट झाल्यावर पुठ्ठ्याचे काम संपते. काँक्रीटच्या बांधकामाचे नियम देणाऱ्या भारतीय मानक ४५६ : २००० प्रमाणे खांबांचे उभे साचे १६ ते २४ तासांनंतर काढता येतात. नळीला वरपासून खालपर्यंत उथळ चीर देऊन ती सोलून काढतात, आणि सोललेली नळी पुन्हा वापरता येत नाही. खांबावर तिरप्या पेचांची पुसट खूण राहते. ती नको असेल तर आतून गुळगुळीत अस्तर असलेली नळी घ्यावी लागते. भार पेलतात ते काँक्रीट आणि सळया. त्याच मानकानुसार चौकोनी खांबात किमान ४ उभ्या सळया चालतात, पण गोल खांबात किमान ६ लागतात आणि त्यांतील कोणतीही १२ मिलिमीटरहून बारीक असता कामा नये. पुठ्ठा आहे म्हणून एखाद्याने दोन सळया वाचविल्या, तर त्याचा दोष अखेर आपल्या त्या एका वाक्याकडे येईल. साचा काढल्यावर पाणी मारणे, ज्याला आमच्याकडील कारागीर तराई म्हणतात, तेही सुटत नाही. साध्या सिमेंटला किमान ७ दिवस आणि हल्ली सर्रास मिळणाऱ्या राखमिश्रित सिमेंटला किमान १० दिवस खांब ओला ठेवावाच लागतो.

लेखात ‘सोनोट्यूब’ हा शब्द चार वेळा आला आहे आणि त्याचा अर्थ एकदाही दिलेला नाही. सोनोग्राफी घरोघरी माहीत असल्याने, खांबाच्या आत काही दोष राहिला आहे काय हे ध्वनिलहरींनी तपासणारे ते यंत्र असावे, असा तर्क एका डॉक्टरांनी केला. तर्क सुरेख आहे, पण या नावाचा ध्वनीशी संबंध नाही. अमेरिकेत दक्षिण कॅरोलिनातील हार्ट्सव्हिल या गावी १८९९ साली सदर्न नॉव्हेल्टी कंपनी निघाली, आणि १९२३ साली तिने आपल्या तीन शब्दांच्या सुरुवातीची अक्षरे जोडून सोनोको असे नाव घेतले. सोनोट्यूब हे तिच्या नळीचे व्यापारी नाव आहे. तिकडे ते आता कोणाच्याही नळीला लावतात, जसे आपण कोणत्याही वनस्पती तुपाला डालडा आणि कोणत्याही छायाप्रतीला झेरॉक्स म्हणत आलो.

ही कंपनी सुरुवातीला काय करीत असे, हे वाचल्यावर मला आमचे जुने घर आठवले. ती सूतगिरण्यांसाठी सूत गुंडाळण्याचे कागदी कोन बनवीत असे. माझे वडील येथील एका कापड गिरणीत होते. मालवा, हुकुमचंद, राजकुमार, कल्याणमल, स्वदेशी अशा गिरण्यांचे भोंगे ऐकून घड्याळे लावणाऱ्या पिढीतले ते. टाकाऊ पुठ्ठ्याचे कोन ते आम्हा मुलांसाठी घरी आणीत आणि आम्ही त्यांत तोंड घालून गिरणीचा भोंगा वाजवीत असू. सुताच्या कोनापासून काँक्रीटच्या साच्यापर्यंतचा प्रवास म्हणूनच मला परका वाटत नाही. कागद थरावर थर गुंडाळून ताठ करण्याची विद्या दोन्हींत एकच आहे.

शब्द मात्र बांधकामापाशी थांबला नाही. हौशी आकाशनिरीक्षकांच्या बोलण्यात सोनोट्यूब म्हणजे दुर्बिणीची नळी. याचे श्रेय जॉन डॉब्सन यांना जाते. १९१५ साली पेकिंगमध्ये जन्मलेले हे गृहस्थ १९४४ पासून सॅन फ्रान्सिस्कोच्या वेदान्त सोसायटीत, म्हणजे रामकृष्ण संघाच्या शाखेत, संन्यासी म्हणून राहत होते. मठात पैसा नाही, तेव्हा त्यांनी जहाजांच्या गोल खिडक्यांच्या टाकाऊ काचा घासून आरसे केले आणि ते पुठ्ठ्याच्या नळ्यांत बसविले. अशी नळी स्वस्त मिळते, गोलाई सोडीत नाही आणि धातूसारखी पटकन तापत वा निवत नाही. आरशाच्या दुर्बिणीला याहून अधिक काय हवे? दुर्बीण घेऊन वेळोवेळी मठाबाहेर जाण्यावरून अखेर १९६७ मध्ये त्यांना मठ सोडावा लागला. पुढच्याच वर्षी त्यांच्या पुढाकाराने फुटपाथवर दुर्बीण लावून येणाऱ्या-जाणाऱ्यांना चंद्र व शनी दाखविणारी मंडळी उभी राहिली, आणि लाकडी पेटीवर फिरणाऱ्या त्या साध्या दुर्बिणीला आज जगभर डॉब्सनची दुर्बीण म्हणतात. ध्वनिक्षेपकांच्या हौशी कारागिरांनीही याच नळ्या घेऊन त्यांत खर्जाचे मोठे स्पीकर बसविले. म्हणजे डॉक्टरांचा ध्वनीचा तर्क अगदीच वाया गेला असे नाही, एवढेच.

आता आपल्या बाजूने बोलण्यासारखे जे आहे तेही लिहिले पाहिजे. पुठ्ठ्याचे खरेखुरे खांब जगात आहेत, आणि लेखासोबत आपण छापलेले चित्र मला त्याच प्रकारच्या इमारतीचे दिसते. जपानी वास्तुविशारद शिगेरू बान यांनी १९८६ मध्ये एका प्रदर्शनाच्या मांडणीत महाग लाकडाऐवजी कागदी नळ्या वापरल्या आणि पुढे त्यांतूनच इमारती उभ्या केल्या. जानेवारी १९९५ च्या कोबे येथील भूकंपानंतर निराधार झालेल्यांसाठी त्यांनी जी घरे बांधली, त्यांच्या भिंती उभ्या कागदी नळ्यांच्या आणि पाया वाळूच्या पिशव्या भरलेल्या बिअरच्या क्रेटांचा होता. तेथेच ५८ कागदी खांबांचे एक प्रार्थनागृह स्वयंसेवकांनी उभारले. ते दहा वर्षे वापरात राहिले, आणि उतरविल्यावर तैवानमध्ये पुन्हा उभे केले गेले. शेजारच्या गुजरातेत २६ जानेवारी २००१ च्या भूकंपानंतर भूजलाही त्यांनी तसे घर बांधले. तेथे क्रेट नव्हते, म्हणून पायाला पडलेल्या घरांचा राडारोडा घेतला आणि छपराला बांबू व चटया वापरल्या. बान यांना २०१४ साली वास्तुकलेतील मानाचे प्रित्झ्कर पारितोषिक मिळाले. या सर्व इमारतींत नळीच्या आत काँक्रीट नाही. भार पुठ्ठाच घेतो, म्हणून त्याला पाण्यापासून जपण्याची वेगळी व्यवस्था करतात. आपल्या लेखातील नळी काँक्रीट घट्ट होताच सोलून फेकून द्यायची आहे. एका पानावर चित्र एकाचे आणि मजकूर दुसऱ्याचा आला, आणि दोन्हींत नळी दिसत असल्यामुळे कोणाला शंका आली नाही.

इंदूरमधील घरमालकांनी या नळ्यांच्या मागे लागावे काय, हेही अनेकांनी विचारले. माझे मत नकारार्थी आहे. येथे गोल खांबासाठी पत्र्याचे दोन अर्धगोल बोल्टांनी जोडून वापरतात, ते भाड्याने मिळतात आणि तेल लावून ठेवले तर वर्षानुवर्षे चालतात. दोन मजली घराच्या पोर्चला दोन गोल खांब हवेत, एवढ्यासाठी एकदाच वापरायची नळी दूरवरून मागवणे परवडणारे नाही. जिथे प्रत्येक खांबाचा व्यास वेगळा आहे, किंवा वजनदार साचा उचलण्यास जागाच नाही, तिथे ती उपयोगी पडेल. कोणी घेतलीच तर ती छपराखाली आणि उभी ठेवावी; आडवी ठेवून तीवर सिमेंटची पोती रचली तर गोलाई जाते, आणि गोलाई गेली की वर सांगितलेले सगळे गणितही जाते. पावसाळ्यात तर हा प्रयोग नकोच, कारण कापलेल्या कडेला लेप नसतो आणि पुठ्ठा तेथून पाणी ओढतो.

शब्दाविषयी माझी सूचना साधी आहे. सोनोट्यूब हे नाव एकदा द्यावे, ते व्यापारी नाव आहे असे सांगावे, आणि पुढे सर्वत्र ‘पुठ्ठ्याचा गोल साचा’ लिहावे. फर्मा हा शब्दही कारागिरांच्या तोंडी आहे, पण पुस्तकाच्या छपाईत सोळा पानांचा फर्मा असतो, तेव्हा आपल्या मुद्रितशोधकांची पुन्हा फसगत होण्याचा संभव आहे.

येत्या रविवारच्या पुरवणीत, शक्य झाल्यास त्याच पानावर, पुढील दुरुस्ती छापावी ही विनंती : ‘लेखात उल्लेखिलेले खांब काँक्रीटचे आहेत. पुठ्ठ्याची नळी हा त्यांचा तात्पुरता साचा असून काँक्रीट घट्ट झाल्यावर ती काढून टाकतात. तिच्यामुळे खांबाला मजबुती येत नाही. सोबतचे चित्र वेगळ्या प्रकारच्या इमारतीचे होते.’ आमच्या वसाहतीतील ते गृहस्थ दिवाळीनंतर पोर्चचे काम काढणार आहेत, तेव्हा त्याआधी ती छापून आल्यास बरे होईल.

आपला नियमित वाचक,
एक निवृत्त स्थापत्य अभियंता,
राजेंद्र नगर, इंदूर