कारामेला राहून गेली

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला जुन्या इटालियन विनोदी चित्रपटांवरचा लेख आवडला. जीना लोलोब्रिजिडा आली, सोफिया लॉरेन आली, नट-दिग्दर्शक व्हित्तोरिओ देसिका तर आलेच. पण अभिनेत्री तिना पिका यांचा साधा उल्लेखही नाही, हे खटकलं.

'पाने, आमोरे ए फांताझिया' (१९५३) मध्ये देसिका हा खेड्यात बदलून आलेला रंगेल पोलीस अधिकारी, आणि पिका त्याचं घर सांभाळणारी कारामेला. हाडकुळी, फटकळ, आवाज इतका घोगरा की नुसता ऐकला तर पुरुषच बोलतोय असं वाटावं. साहेबांचा सगळा तोरा ही एका कटाक्षात उतरवते. तेव्हा पिका ६९ वर्षांच्या होत्या! दुसऱ्या भागातल्या कामासाठी १९५५ साली त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचा 'नास्त्रो दार्जेंतो' हा इटलीतल्या चित्रपट पत्रकारांचा पुरस्कार मिळाला. तिसऱ्या भागात दिग्दर्शक बदलला, गाव बदललं, लोलोब्रिजिडाच्या जागी लॉरेन आली. कारामेला मात्र तीच. नायिका बदलता येते, ही बाई बदलता येत नाही, हे निर्मात्यांना कळलं होतं. आपल्या लेखकाला कसं कळलं नाही?

हे यश काही आभाळातून पडलं नव्हतं. १८८४ साली नेपल्समध्ये नटांच्याच घरात जन्म, लहानपणापासून रंगभूमी, पुढे नाटककार-नट एदुआर्दो दे फिलिप्पो यांच्या नाटक मंडळीत कामं. नंतर मात्र त्यांच्या नावावर चित्रपट निघू लागले, १९५९ च्या एकाच्या तर शीर्षकातच 'पिका' आहे. त्यातले बरेचसे सुमार, हेही कबूल करतो. नुसत्या म्हातारीच्या तोंडाच्या पट्ट्यावर दीड तास निघत नाही. अपवाद दिग्दर्शक दिनो रिझी यांचा 'ला नोन्ना साबेल्ला' (१९५७). आजी आता जाणार म्हणून नातू नेपल्सहून धावत येतो, तर आजी ठणठणीत!

'येरी, ओज्जी, दोमानी' (१९६३) मध्ये पिका पाद्री व्हायला निघालेल्या मुलाची आजी आहेत. शेजारच्या मारावर, म्हणजे लॉरेनवर, आधी तोंडसुख घेतात आणि नातवाचं मन तिच्यापायी ढळल्यावर तिच्याच दारात रडत जातात. पाच वर्षांनी, १९६८ मध्ये, त्या नेपल्समध्येच वारल्या. लेखासोबत आपण याच चित्रपटातला लॉरेन आणि नायक मास्त्रोयानी यांचा फोटो छापला आहे. पुढच्या वेळी आजीचा छापा.

आपला,
एक जुना वाचक, पुणे